सायमनचा सूर आणि आम्ही तिघे

आयुष्यातली अठरा वर्षं मी ‘बूम’ म्हणायचा पगार घेतला. कधी ‘बाम’, कधी ‘डूम’, गाणं संथ असेल तर नुसतंच ‘ऊ’. गाण्याचे शब्द दुसऱ्याच्या वाट्याला.

दुबईत कुठल्याही मराठी घरी जेवायला गेलो की यजमान ओळख करून देत, "हे सावंत. सिंगर आहेत, मरीनाला हॉटेलात गातात." लगेच फर्माईश यायची, "मग एखादं नाट्यगीत होऊन जाऊ दे!" मी घसा बसलाय म्हणून सांगायचो. खरं म्हणजे मला एकट्याला गाताच येत नाही. एकदा करामामधल्या एका घरी फारच आग्रह झाला, तेव्हा मी एका गाण्यातला फक्त माझा भाग म्हणून दाखवला. पहिलं कडवं होईपर्यंत सगळे सभ्यपणे बसले होते. मग त्या घरचा मुलगा म्हणाला, "डॅड, व्हेन डज द साँग स्टार्ट?"

तर आमचा धंदा काय होता ते आधी सांगतो. पन्नासच्या दशकात अमेरिकेत गरीब वस्त्यांमधली पोरं रस्त्याच्या कोपऱ्यावर उभी राहून गायची. वाद्यं घ्यायला पैसे नव्हते, म्हणून वाद्यांचं कामही तोंडानंच. एकानं गाणं म्हणायचं, बाकीच्यांनी त्याच्याखाली सुरांची बैठक घालायची. पुढे रॉक अँड रोलची लाट आली, तिच्यात ही पोरं तबकड्यांवर पोचली. त्या गाण्याला डू-वॉप म्हणतात. आपल्याकडे समूहगान म्हणजे सगळे एकच चाल म्हणतात. यात चौघांचे चार वेगळे सूर एकाच वेळी लागतात आणि ते नीट बसले की ऐकणाऱ्याला एकच मोठा आवाज ऐकू येतो. आमच्यात सगळ्यात वर रामिल, फिलिपिन्सचा, गाण्याचे शब्द त्याचे आणि टाळ्याही त्याच्या. त्याच्याखाली सायमन, वसईचा. त्याच्याखाली निमल, श्रीलंकेचा. आणि तळाला मी, कणकवलीजवळच्या गावचा मोहन सावंत. नाव होतं ‘क्रीक फोर’. ते सायमननं ठेवलं, कारण तेव्हा आम्ही देऱ्याला खाडीजवळच्या एका हॉटेलात होतो.

मी त्या हॉटेलात गायला आलोच नव्हतो. मी तळघरातल्या लॉन्ड्रीत होतो. मोठे ड्रायर चालू झाले की त्यांचा एक घुमणारा सूर लागायचा. चादरींच्या घड्या घालताना मी त्याच सुरात घुमत असे. गावच्या भजनात मला मागे बसवायचे, कारण माझा आवाज वर चढत नसे. इथे खाली जाण्यात स्पर्धाच नव्हती. सायमन वरच्या लॉबीत गायचा. एकदा इस्त्रीचं जाकीट न्यायला खाली आला आणि दारातच थांबला.

"हा सूर कुठे शिकलास?" त्यानं मराठीत विचारलं. माझ्या बिल्ल्यावरचं आडनाव वाचलं असावं.

"मशीनकडून," मी म्हणालो.

तो जोरात हसला. दुसऱ्या दिवशी पुन्हा आला, बरोबर रामिल आणि निमल. त्यांचा खालच्या आवाजाचा माणूस कॅनडाला निघून गेला होता. चार महिने सायमननं मला शिकवलं, तेही ड्रायरच्या बाजूला उभं राहून. पहिलं शिकवलं ते तोंड उघडायला. "तुझा ‘ऊ’ बारीक आहे," म्हणायचा. "रामिलचा गोल. सूर एकच असला तरी दोन आकार झाले की चिरा पडतात." दुसरं शिकवलं श्वास घ्यायला. चौघांनी एकदम श्वास घेतला तर गाण्याला भोक पडतं. म्हणून कोणी कुठल्या अक्षराआधी श्वास घ्यायचा, हे ठरलेलं असतं आणि ते आयुष्यभर बदलत नाही.

मधल्या आवाजाचं काम सगळ्यात अवघड. वरचा आवाज चाल म्हणतो, खालचा पाया धरतो. मधल्यानं दोघांना ऐकत, त्यांच्यामधली जागा शोधत राहायचं. लोकांना तो वेगळा ऐकू येत नाही. तो नसला तर मात्र सगळ्यांना कळतं.

पुढे आम्हाला मरीनाला एका रेस्टॉरंटमध्ये कायमचं काम मिळालं. लाल सोफे, काळी-पांढरी फरशी, भिंतीवर जुन्या अमेरिकन गाड्यांची चित्रं, आणि आम्ही चौघे एकसारख्या निळ्या जाकिटात. खिडकीतून बाहेर यॉट दिसायच्या. गिऱ्हाईकं तऱ्हेतऱ्हेची. एका तरुणानं लग्नाची मागणी घालताना आम्हाला टेबलाजवळ उभं केलं. दुसऱ्या ओळीलाच ती मुलगी "नो" म्हणाली. पण गाणं पूर्ण म्हणायचं ठरलं होतं. रामिलनं डोळ्यांनी सायमनला विचारलं, सायमननं मान हलवली, आणि आम्ही पुरतं गाणं म्हटलं. ती निघून गेली, तो बसून ऐकत राहिला, शेवटी उठून त्यानं चौघांशी हात मिळवला. दुसरे एक वयस्क अरब गृहस्थ दर गुरुवारी एकटे यायचे. लिंबू-पुदिना मागवायचे आणि रामिलला म्हणायचे, "हबीबी, तू बस. मला शब्द नकोत." मग आम्ही तिघे शब्दांशिवाय अख्खं गाणं म्हणायचो आणि ते डोळे मिटून ऐकायचे. सायमन म्हणायचा, सबंध दुबईत माझं काम कळलेला हा एकच माणूस.

सायमनचं बिऱ्हाड शारजाला होतं. बायको रेजिना, मुलगी एस्तेर. मी देऱ्याला खोलीत सहा जणांबरोबर राहणारा, त्यामुळे सुट्टीच्या दिवशी त्यांच्याकडे जेवायला. रेजिनावहिनी मला सावंतभावजी म्हणायच्या. एस्तेर मराठीत विचारलं तरी इंग्रजीत उत्तर द्यायची. बापाच्या गाण्यात तिला रस नव्हता. "अंकल, इट्स सो ओल्ड," म्हणायची. सायमन हसून सोडून द्यायचा.

एस्तेर अकरावीत असताना मला पहिल्यांदा शंका आली. जेवताना वहिनी मागून काही म्हणाल्या की सायमन उत्तर देत नसे. फोन नेहमी डाव्या कानाला. आणि गाताना त्याचा सूर कधी कधी केसभर वर सरकायचा. ऐकणाऱ्यांना कळत नव्हतं. मला कळलं, कारण माझा सूर खाली स्थिर असतो आणि त्याचा त्यावर बसायला हवा.

मी त्याला मेट्रोत विचारलं. त्यानं डावा कान माझ्याकडे केला. मग म्हणाला, "वरचं जायला लागलंय, मोहन. रामिल मला अर्धाच ऐकू येतो. ओठांवरून ओळखतो."

बर दुबईच्या एका दवाखान्यात मी त्याच्याबरोबर गेलो. डॉक्टर केरळचे होते, सावकाश बोलणारे. म्हणाले, कानाच्या नसा कमजोर झाल्यात, आणखी होतील. कानाला मशीन लावा, बोललेलं कळेल.

"आणि गाणं?" सायमननं विचारलं.

डॉक्टर म्हणाले, "त्याबद्दल मी वचन देऊ शकत नाही."

मशीन लावून त्यानं एक तालीम केली. बाहेर येऊन म्हणाला, "सगळे पत्र्याच्या डब्यात बसून गातायत असं वाटतं." दुसऱ्या तालमीला मशीन खिशात होतं. मध्येच रामिल थांबला. "समबडी इज शार्प," तो म्हणाला, म्हणजे कोणाचा तरी सूर वर जातोय. त्याची नजर निमलवर होती. निमल बिचारा गोंधळून सॉरी म्हणायला लागला. तेव्हा सायमननं खिशातून मशीन काढून टेबलावर ठेवलं.

"इट्स मी," तो म्हणाला. मोहनला ठाऊक आहे, हेही त्यानंच सांगितलं.

रामिल चिडला. तितका चिडलेला मी त्याला कधी पाहिला नव्हता. "वी आर फोर पीपल! यू टेल हिम अँड नॉट अस?" असं ओरडत तो बाहेर गेला आणि पाच मिनिटांनी डोळे पुसत परत आला. म्हणाला, ओके ब्रदर, आता काय करायचं?

उपाय निमलनं शोधला. खालचे सूर सायमनला अजून थोडे ऐकू येत होते, आणि मी गातो तेव्हा माझ्या पाठीचं हाड थरथरतं. सायमननं माझ्या पाठीवर हात ठेवून गाऊन बघितलं. तळाचा सूर हाताला लागला की तो त्यावरून आपला सूर मोजायचा. पहिल्याच वेळी बरोबर लागला. आम्ही लगेच दुसरं गाणं सुरू केलं.

एकट्यानंच हात ठेवला तर विचित्र दिसेल म्हणून आम्ही सगळ्यांनीच एकमेकांच्या पाठीवर हात ठेवायला सुरुवात केली. आमचा मॅनेजर फादी, लेबनॉनचा, त्याला ते भयंकर आवडलं. "व्हेरी व्हिंटेज!" म्हणाला, आणि त्या पोझमध्ये आमचा फोटो काढून दारात लावला.

असं वर्षभर चाललं. कधी कधी हात असूनही सायमन घसरायचा. मग आम्ही तिघे हळूच त्याच्या बाजूला सरकायचो. वाद्य नव्हतं, त्यामुळे कोणी पकडणारं नव्हतं. गाणं एका पट्टीत सुरू होऊन दुसऱ्या पट्टीत संपायचं. रामिलला वरच्या जागा झेपेनाशा व्हायच्या, चेहरा लाल व्हायचा. तरी त्यानं एकदाही तक्रार केली नाही.

मग रेस्टॉरंटचे मालक बदलले. फादीनं आम्हाला बोलावलं. "हबीबी, वरून ऑर्डर आहे. लोकांना बीट पाहिजे. आता ड्रम, बास, पियानो, सगळं ट्रॅकवर. तुम्ही त्यावर गा."

निमल म्हणाला, "सर, आमचं नावच त्याच्यावर आहे की आम्ही वाद्याशिवाय गातो."

"खलास, निमल. ठरलंय."

खरं कारण फादीला सांगता येत नव्हतं. माणसं सायमनच्या मागे सरकू शकत होती. ट्रॅक सरकणार नव्हता.

पहिल्या दिवशी दोन गाणी कशीबशी पार पडली. स्पीकर माझ्या पाठीमागेच होते, त्यामुळे माझी पाठ सगळ्याच आवाजानं थरथरत होती आणि सायमनच्या हाताला माझा सूर वेगळा लागेना. तिसऱ्या गाण्यात तो अर्धा सूर वर गेला आणि तिथेच राहिला. पुढच्या टेबलावरची एक लहान मुलगी कान झाकून हसायला लागली. तिच्या आईनं तिचे हात खाली ओढले. ते गुरुवारचे गृहस्थ होते, त्यांनी डोळे उघडले.

सायमनला ऐकू आलं नाही, पण त्याला दिसलं. पुढच्या ओळीला त्याचा आवाज थांबला. मी बाजूला पाहिलं. तोंड उघडं, ‘ऊ’चा तोच गोल आकार, चेहऱ्यावर तेच हसू. आवाज नव्हता. उरलेली सगळी गाणी तो तसाच गायला.

कपडे बदलायच्या खोलीत त्यानं विचारलं, "मी गप्प झाल्यावर बरं वाटलं ना?"

निमल बुटाची नाडी सोडत बसला होता. मीच म्हणालो, "हो."

एस्तेर तेव्हा बारावीत होती. बोर्डाच्या परीक्षेला चार-साडेचार महिने होते. नोकरी सुटली की सायमनचा व्हिसा जाणार, त्याच्याबरोबर बायको-मुलीचाही, आणि परीक्षेच्या तोंडावर तिला वसईला न्यायचं म्हणजे वर्ष बुडालं. हे कोणालाही समजावून सांगावं लागलं नाही. रामिल म्हणाला, "ही स्टँड्स. निमल सिंग्ज हिज पार्ट." निमलनं सायमनचा मधला आवाज घेतला, त्याची स्वतःची जागा रिकामी सोडली. ट्रॅकच्या गोंगाटात ती झाकली गेली. फादीला कळलं होतं की नाही, मला अजून सांगता येत नाही. तो कधी काही बोलला नाही.

आठवड्याचे पाच दिवस सायमन निळं जाकीट घालून आमच्यात उभा राहायचा. ओठ हलवायचा. ‘ऊ’, ‘आ’, सगळं जागच्या जागी. श्वास त्याच्या ठरलेल्या अक्षराआधीच घ्यायचा. मी त्याच्या शेजारी असल्यामुळे तो श्वास मला ऐकू यायचा आणि त्यानंतर काहीच ऐकू यायचं नाही. अठरा वर्षांत मला सवय झाली होती की त्या श्वासानंतर त्याचा आवाज माझ्या डोक्यावर येऊन बसतो. माझ्या सुरावर तेव्हा निमलचा आवाज असायचा, चांगला, स्वच्छ. तरी मी प्रत्येक वेळी थोडा दचकायचो.

एका संध्याकाळी मी लवकर पोचलो. सायमन आरशासमोर उभा राहून घसा तयार करत होता. तो कार्यक्रमाआधी अर्धा तास नेहमी हे करायचा, खालून वर, वरून खाली. आवाज वेडावाकडा लागत होता, त्याला कळत नव्हतं. मी दार हळूच लावून घेतलं आणि निमल येईपर्यंत बाहेरच उभा राहिलो.

परीक्षा संपली. सायमननं राजीनामा दिला. शेवटचा कार्यक्रम शनिवारच्या दुपारच्या ब्रंचचा होता. रामिलनं फादीला गाठलं. "शेवटचं गाणं ट्रॅकशिवाय. प्लीज." फादी म्हणाला, "यल्ला, चला, एकच." आणि स्वतः जाऊन स्पीकर बंद करून आला.

आम्ही सायमनला सांगितलं की या गाण्यात तू गा, आम्ही तुझ्याबरोबर सरकतो. रामिलनं ते हातवारे करून दोनदा सांगितलं. सायमननं त्याच्या खांद्यावर थोपटलं आणि मान हलवली. त्याचा अर्थ आम्ही हो असा घेतला.

त्या दिवशी वहिनी आणि एस्तेर पहिल्यांदाच रेस्टॉरंटमध्ये आल्या होत्या. पुढचंच टेबल. एस्तेरनं फोन उभा धरला होता. गाणं सुरू झालं. निमल त्याच्या जुन्या जागी गेला, मधली जागा सायमनसाठी मोकळी ठेवली. पहिली ओळ गेली, आवाज आला नाही. दुसऱ्या ओळीला सायमननं निमलकडे बघून बारीक मान हलवली. निमलला कळलं. तो वर, सायमनच्या सुरावर सरकला. सायमन शेवटपर्यंत ओठ हलवत राहिला. गाणं छान झालं, लोक उभे राहिले.

एस्तेर धावत आली आणि बापाच्या गळ्यात पडली. मग त्याला ओठ वाचता यावेत म्हणून चेहरा समोर धरून हळूहळू म्हणाली, "पप्पा, आय कुड हिअर यू. चौघांमध्ये तुमचा आवाज मला बरोब्बर ओळखू आला." शेवटचं वाक्य ती चक्क मराठीत म्हणाली.

सायमन तिच्याकडे बघत राहिला. रामिल पाणी प्यायला वळला.

गाडी मागच्या पार्किंगमध्ये होती. ऊन मी म्हणत होतं. वहिनी आणि एस्तेर गाडीत बसल्या, मी सायमनची जाकिटं मागे टाकत होतो. त्यानं माझा दंड धरला.

"मोहन, खरं सांग. मी गायलो का?"

मला प्रश्नच कळेना.

"मी ठरवलं होतं नाही गायचं. पण मला काय कळणार? चुकून निघाला असेल आवाज. घशाला वाटलं तसं काहीतरी. ती म्हणते ऐकू आला." तो माझ्या ओठांकडे बघत होता. "निघाला होता?"

"निघाला होता," मी म्हणालो.

"सुरात?"

"सुरात होता, सायमन."

त्यानं दोनदा मान हलवली आणि गाडीत बसला. त्याच महिन्यात ते वसईला गेले. एस्तेर पुढे शिकायला कॅनडाला गेली. आमच्या जागी एक डीजे आला. रामिल एका क्रूझ जहाजावर लागला, निमल घरी परतला. मी इथेच, एका क्लबच्या लॉन्ड्रीत सुपरवायझर आहे. आता ड्रायर घुमत नाहीत, नवीन मशिनं गप्प असतात.

गेल्या वर्षी सायमन गेला. हृदयविकार, झोपेतच. मला रजा मिळाली नाही. नंतर वसईला गेलो तेव्हा वहिनींनी अंगणात खुर्ची टाकली, चहा दिला. म्हणाल्या, "शेवटच्या दिवशी मी गायलो, असं सगळ्यांना सांगायचे. चर्चच्या कॉयरमधल्या पोरांनासुद्धा. कान गेले तरी सुरात गायलो, सावंतला विचारा, म्हणायचे."

मी कप खाली ठेवला.

"मी समोरच बसले होते, भावजी," वहिनी म्हणाल्या. "ते गायले की मानेची ही शीर फुगायची. लग्नाआधीपासून बघत आलेय. त्या दिवशी ती हलली नव्हती."

मी माफी मागायला तोंड उघडलं, तर त्यांनी हातानंच थांबवलं.

"घरी आल्यावर त्यांनी मलाही विचारलं होतं," त्या म्हणाल्या. "मीही तुमच्यासारखंच सांगितलं."